गुळाऐवजी साखर

शेजारी राहणारे एक आयरिश लेखक आयुष्यभर काउबॉयच्याच कादंबऱ्या आणि पटकथा लिहीत आलेले. आपला नवा सिनेमा दाखवायला ते गिरिजाच्या आयर्लंडमधल्या ॲथलोनच्या घरी आले. पुण्याहून आलेले तिचे बाबा, निवृत्त घोडेस्वार पोलीस, टीव्हीसमोरच बसले. शेवटी काउबॉयने पाय मोडलेल्या घोड्याला साखर भरवली, हॅटने डोळे झाकले आणि गोळी झाडली. गिरिजाने चमकून लेखकांकडे पाहिलं. बाबांनीही आपल्या घोड्याला गूळ भरवून टोपीने डोळे असेच झाकले होते. हे त्यांनी फक्त तिला सांगितलं होतं. तिने गप्पांच्या भरात लेखकांना सांगून टाकलेलं. बाबांनी डोळे पुसले. “हे भोगल्याशिवाय सुचत नाही. विचार, त्यांचा घोडा कशाने गेला?” तिने बाबांना न कळणाऱ्या इंग्रजीत लेखकांना विचारलं, “ठीक आहात ना?” “ग्रँड, अगदी ठीक,” लेखक पुटपुटले. ती बाबांना म्हणाली, “पाय मोडला म्हणे.” बाबांनी लेखकांचा हात हातात घेतला.