निरोपाचे आकडे

पडद्यावरच्या नायिकेने मरणाऱ्या नवऱ्याचा हात हातात घेतला आणि भरल्या डोळ्यांनी ती म्हणाली, "एकेचाळीस... बेचाळीस... त्रेचाळीस..."

एत्तोरे खुर्चीतच गार पडला. या जुन्या चित्रपटाचा निर्माताही तोच आणि लेखकही तोच. त्या काळी रोममध्ये चित्रीकरण करताना नट तोंडाने नुसते आकडे म्हणत. खरे संवाद मागाहून स्टुडिओत भरले जात. या निरोपाचे संवाद लिहायला त्याला आठ महिने लागले होते. आता इतक्या वर्षांनी त्या प्रसंगाचा आवाज खराब झाला होता, म्हणून प्रत दुरुस्त करणाऱ्यांनी कुठूनतरी 'मूळ आवाज' शोधून मोठ्या भक्तिभावाने जोडला होता.

"बंद करा!" म्हणून तो ओरडणार, तेवढ्यात शेजारी बसलेल्या लिवियाने, म्हणजे त्या नायिकेनेच, त्याची बाही ओढली. "गप बस आणि मागे बघ." मागे अख्खं थिएटर डोळे पुसत होतं.

दिवे लागले. चाळीस वर्षं एत्तोरेच्या संवादांची सालटी काढणारा समीक्षक नाक पुसत आला.

"खरं सांगतो, तुमचे संवाद मला कायम बोजड वाटले. पण आज ती संसाराची वर्षं मोजत होती ना? सत्तेचाळीस म्हणताना तिचा गळा दाटला, आणि मला हुंदका आवरेना. कसं सुचलं हो तुम्हाला?"

लिवियाला खोकल्याची उबळ आली. एत्तोरेने शांतपणे टाय सरळ केला.

"आधी मी अठ्ठेचाळीस लिहिलं होतं," तो म्हणाला. "पण ते जरा बोजड वाटलं."