खोलीत माणूस नसेल तर

बाराची नोंद घेऊन निरीक्षक आत आला, दातांनी हातमोजे ओढून काढले आणि सगळ्यात आधी गॅसची शेगडी पेटवली. पातेल्यातलं डुकराचं मांस पुन्हा कोमट झालं होतं. खांद्याचे चांगले जाड तुकडे, भिजवून वाटलेल्या लाल मिरच्या, लसूण, बटाटे. दहा वाजता चढवलं होतं. त्याने एक तुकडा चमच्याने दाबून पाहिला. चमचा वाकला असता, पण तुकडा दबेना.

खिंडीच्या माथ्यावरच्या या हवामान चौकीत उकळीचा भरवसा धरायचा नसतो. पाण्याला उकळी लगेच फुटते, थयथयाट भरपूर, धग मात्र बेताची. एवढ्या उंचीवर मांस शिजायला साडेचार तास लागतात, तेही शेगडी सलग चालली तर. आणि ती सलग चालणार कशी? चौकीचा नियमच होता, खोलीत माणूस नसेल तर शेगडी बंद. चौकी मुळात दोघांची. दर तासाला एकाने बाहेर जाऊन वारा, तापमान, बर्फाची उंची बघून यायचं, दुसऱ्याने आत थांबायचं. जोडीदाराची बदली होऊन दोन महिने झाले होते. त्याच्या जागी माणूस येतोच आहे, असं खालचं ऑफिस दर आठवड्याला सांगत होतं. तोवर निरीक्षक एकटाच शेगडी बंद करून बाहेर जायचा, वीस मिनिटांनी येऊन पुन्हा पेटवायचा. एरवी तो डब्यातलं काहीबाही गरम करून पोट भरायचा. पण कालच्या सामानाच्या गाडीतून ताईने मिरच्या आणि मांस पाठवलं होतं, आणि त्याला फार दिवसांनी घरचं खावंसं वाटलं होतं.

साडेबाराला फोन वाजला. रविवार, म्हणजे ताईच. आईच्या माघारी तिनेच त्याला वाढवलं होतं. तिचा आवाज असा, की मधे तार नसती तरी चाललं असतं.

"जेवलात का रे दोघं?"

"हे काय, आत्ताच."

"जमला का रस्सा?"

"फर्मास. त्याने तर दोनदा घेतला."

गेले आठ रविवार तो जोडीदाराला असाच जेवायला घालत होता. नोकरी धरताना त्याने ताईला शब्द दिला होता, एकटा एक दिवस राहणार नाही. तिला दमा. वर चढायला डॉक्टरांची सक्त मनाई, नाहीतर ती बोचकं घेऊन कधीच दारात उभी राहिली असती. खाली बसून नुसती झुरेल, म्हणून तो खोटं बोलत होता.

"कुकरची शिट्टी ऐकू येत नाही हल्ली," ताई म्हणाली.

"रिंग गेलीय."

"मग शिजवलंस कशात?"

"पातेल्यात."

"कधी चढवलंस?"

"दहाला," तो म्हणाला आणि त्याने जीभ चावली. बाकी काहीही खोटं सांगता येत होतं, पण वेळ विचारली की त्याच्या तोंडून खरीच निघायची. बारा वर्षांची नोकरीची खोड.



"तुझ्या जोडीदारानेच मला सांगितलं होतं," ती म्हणाली. "ताई, इथे पातेल्यात मांस साडेचार तासांशिवाय शिजत नाही, म्हणून तर घरचा कुकर पाठीवर घालून आणलाय. कुणाला घासूसुद्धा देत नाही म्हणाला. तो कुकर त्याच्याबरोबर गेला ना?"

"हो."

"कधी?"

"दोन महिने झाले."

वाऱ्याने खिडकी खडखडली. आता ती रडेल, नाहीतर फैलावर घेईल, म्हणून तो वाट बघत राहिला. दोन्ही चाललं असतं त्याला. आपल्यावर कुणी रागावलं, त्यालाही दोन महिने झाले होते.

"म्हणजे दोन महिने मी रिकाम्या खुर्चीची विचारपूस करतेय," ताई म्हणाली. "सर्दी बरी झाली का म्हणून. आणि तू मला सांगतोस, वाफ दिली."

"चुकलं, ताई."

"चुकलंच. तुझ्या ऑफिसकडे मी उद्या बघते. तू जेवलायस का तेवढं सांग."

"नाही. शिजतच नाही गं." आणि मग त्याच्या तोंडून सगळंच निघालं. नियम, शेगडी, दर तासाचं बंद-चालू. सांगता सांगता डोळ्यांतून पाणी आलं. मांस शिजत नाही म्हणून बाप्या माणूस रडतो, याची त्याला लाज वाटली.

घड्याळात एकला पाच कमी होते. त्याने नाक पुसलं.

"नोंदीची वेळ झाली. ठेवतो."

"ठेवू नकोस. फोन शेगडीपाशी ठेव आणि जा."

"अगं, आणि शेगडी?"

"मी आहे ना इथे. ऐकतेय."

त्याने रिसीव्हर मिठाच्या बरणीला टेकवून ठेवला. कोट चढवला, कानटोपी ओढली. सवयीने हात शेगडीच्या बटणाकडे गेला, तिथे थांबला आणि मागे आला.

बाहेर वारा उभं राहू देत नव्हता. त्याने तिन्ही नोंदी नेहमीसारख्याच घेतल्या, एकही आकडा घाईत लिहिला नाही. वीस मिनिटांनी दार ढकललं तर ताई आत ओरडत होती. किती वेळ ओरडत होती कोण जाणे.

"आलास का रे? दार लाव आधी. आवाज बदललाय, रस्सा आटला. तळाला लागेल, पाणी घाल. गरम घाल."

त्याने बूटसुद्धा न काढता किटलीतलं पाणी घातलं आणि पातेलं तळापासून ढवळलं. रस्सा पुन्हा रटरटू लागला.

"हं," ताई म्हणाली. "आता बरोबर वाजतंय."