आबा काय म्हणतात

कावळा येत नव्हता.

ऊन बाभळीच्या शेंड्यावरून बुंध्यापर्यंत उतरलं, तरी तलावाच्या काठावर पानात ठेवलेला पिंड तसाच होता. रंगरावचा आज दसवा. मुलगा नाही, म्हणून पिंड लेकीनं, सुचितानं ठेवला होता. आता ती ओल्या पदरानं थोडी मागे उभी होती आणि तिच्या मागे गाव.

"पोरीच्या हातचा पिंड हाय, म्हून येत नसन," कोणीतरी पुटपुटलं.

"कावळ्याले काय समजते पोरगा का पोरगी?" शेजारची धुरपताबाई कडाडली. "अन् कावळे हायेत कुठं? या गजेंद्रच्या बोटींच्या आवाजानं समदे पळून गेले."

लोक हसले. दसव्याला हसू नये हे आठवून लगेच गप्प झाले.

गजेंद्र गावातलाच. शेत विकून त्यानं या तलावावर मोटारबोटी आणल्या होत्या. तेव्हापासून रविवारी रिसोड, वाशीमकडून गाड्यांची रीघ लागायची. काठावर भजी आणि कणसांच्या गाड्या आल्या, रिकामी पोरं कामाला लागली. पण बोटींना तलाव भरलेला लागतो. पूर्वी हिवाळा सरताना पाटाला पाणी सुटायचं, तलाव उतरायचा आणि उघड्या पडलेल्या गाळात निम्मं गाव टरबूज, काकडी लावायचं. गजेंद्रनं वर ओळख काढून ते पाणी अडवलं. मागच्या उन्हाळ्यात गाळ उघडा पडलाच नाही. उलट पाण्यावर तेलाचा तवंग आला, लाटांनी काठ खचले, जाळ्यात मासा येईना. आता या महिन्यात पाणी सुटलं नाही, तर यंदाही बी टाकता येणार नव्हतं. सुचिताचं घरही त्या गाळावरच चालायचं.

गाळात पहिला वेल लावला तो रंगरावनं. गाव त्याचा शब्द मोडत नसे. मागच्या वर्षी अर्धांगवायूनं त्याची वाचा गेली. उरला नुसता घोगरा आवाज, आणि त्याचा अर्थ लागायचा तो फक्त सुचिताला. ग्रामसभेत त्याला खुर्चीसकट उचलून आणलं होतं. बोटींचा विषय निघताच तो जोरात काहीतरी बोलला. सुचितानं उभं राहून सांगितलं, "आबा म्हणतात, बोटी बंद करा. पाणी सोडा." सभेनं माना डोलावल्या, पण गजेंद्रनं बोटी चालूच ठेवल्या.

रोज संध्याकाळी ती त्याची खुर्ची काठावर मांडायची. बोट दिसली की म्हातारा चांगला हात उचलून ओरडायचा. गजेंद्र तोंड फिरवून घ्यायचा. शेवटची बोट काठाला लागेपर्यंत म्हातारा घरी यायला तयार नसे. पहारा देतो, असं लोक म्हणायचे.

"काही इच्छा राहिली असेल तर बोला," गुरुजी म्हणाले. "नाहीतर दर्भाचा कावळा करून लावतो."

"दर्भाचा कायले?" धुरपताबाई म्हणाली. "इच्छा समद्या गावाले मालूम हाय. गजेंद्र, ये असा पुढं."

गजेंद्र जागचा हलला नाही. "मावशी, रविवारी तुह्या भज्याच्या गाडीपाशी पाय ठेवाले जागा नसते. ते कोणाच्या भरवशावर?"

"तुह्याच. पण रविवार आठवड्यातून एकडावच येते, बाबू. भूक रोज येते."

गजेंद्रनं सुचिताकडे पाहिलं. "ताई, तू सांग. काका खरंच हेच म्हणत होते?"

सुचिताची नजर पिंडावर होती. "तू तं रोज पाहत होता, गजेंद्र," ती म्हणाली.

गजेंद्रनं पिंडापुढे येऊन हात जोडले. "काका, उद्यापासून मोटारबोटी बंद. पाण्याच्या आड मी येत नाही. समद्यांपुढं सांगतो." विकलेलं शेत काही परत येणार नव्हतं, हे तिथं सगळ्यांना ठाऊक होतं. कोणी त्याच्याकडे पाहिलं नाही.

सगळे बाभळीकडे पाहू लागले. कुठून तरी एक कावळा आला, फांदीवर बसला. मान वाकडी करून त्यानं पिंड पाहिला. खाली मात्र उतरला नाही.

"आता काय राह्यलं रे बाप्पा तुह्यं?" धुरपताबाई चक्रावली. "बोटी बंद केल्या ना त्यानं!"

गुरुजींनी दर्भाला हात घातला.

"थांबा," सुचिता म्हणाली. वाऱ्यानं पानाची कड पिंडावर पडली होती. ती सरळ करायला ती पुढे झाली, वाकली आणि जरा वेळ तशीच राहिली. उठून मागे सरते न सरते, तोच कावळा खाली आला. पिंडात चोच घालून शीत उचललं आणि पाण्यावरून निघून गेला.

"शिवला! शिवला!"

बायांनी डोळ्यांना पदर लावले. गजेंद्रनं खाली बसून मातीला हात टेकले. पाणी कधी सुटेल, बी कुठून आणायचं, याची कुजबूज मागे सुरूही झाली.

"मेला तरी आपल्या शब्दावरून हटला नाही म्हातारा," धुरपताबाई म्हणाली आणि सुचिताच्या पाठीवरून हात फिरवला. "मेल्यावर बी तुह्याच तोंडून बोलला. काय म्हणली वं तू त्याले?"

"काही नाही, काकू. पान सरळ केलं."

पिंडापाशी ती एवढंच म्हणाली होती, "आबा, 'मले बोटीत बसव, मले बोटीत बसव', वर्षभर तुमचं हेच चालू होतं. बोटी उद्या बंद होतीन. आज सांजेले तुमची राख मी बोटीतूनच नेईन."