चाळीस वर्षांचं कालवण

कुणाचा विश्वास बसणार नाही, पण त्या गाइडला आज मी भर स्वयंपाकघरात झापलं! आमच्या थेसालोनिकी शहराची अस्सल चव दाखवतो म्हणत तो पाहुण्यांचा घोळका घेऊन माझ्या खाणावळीत शिरला. थेट आत जाऊन पातेल्यांची झाकणं उघडून बघायला आमच्याकडे कुणालाच मनाई नाही. पण हा शहाणा माझ्याकडे बोट दाखवून म्हणतो, "हे स्तामातिस आजोबा! चाळीस वर्षं हे कोकराचं कालवण यांच्याच हातचं!"

माझं डोकंच फिरलं. डाव आपटून ओरडलो, "खोटारड्या! चाळीस वर्षं या चुलीपुढे माझी बायको भाजून निघतेय आणि नाव माझं? चालता हो इथून!" पाहुणे हातातले पाव टाकून पळाले.

"वा रे वाघा!" माझा किस्सा ऐकून टेबलाभोवतीच्या दोस्तांनी ग्लास उंचावले. तेवढ्यात आतून माझी बायको एव्हान्थिया आली. चेहरा चुलीसारखा लाल.

"आधी कमरेचा माझा एप्रन सोड. आणि 'बाजूला हो, फोटोत येतेस' असं त्या पाहुण्यांसमोर मला कोण म्हणालं, तेही सांग की यांना!"