मक्याची खीर
१९३८च्या वैशाखात बाळाबाई पहिल्या बाळंतपणासाठी विंझरहून मार्गासनीला माहेरी आली, पण सावत्र आईशी ती कामापुरतंच बोलायची. आई गेल्यावर वर्षभरातच घरात आलेल्या अंबूबाईला तिनं आपलं मानलंच नव्हतं. बाळाबाईला अन्न जाईना, तेव्हा अंबूबाईनं जात्यावर मका भरडला, गूळ, सुंठ, वेलदोडे घालून खीर शिजवली आणि वर पिकलेली करवंदं पसरून वाडगा तिला दिला. पहिल्याच घासाला बाळाबाई थांबली. "ही तर माज्या आयची खीर! तुमाला कुणी शिकवली?" "तिनंच," अंबूबाई म्हणाली. "अंथरुणाला खिळली व्हती तवा मी शेजारनं यायची. म्हनली, माज्यामागं पोरीला तूच संबाळ, तिला ही खीर लई आवडती." "मग इतकी वर्सं सांगितलं का न्हाई?" "तिचं नाव घेऊन तुज्याकडनं माया मागायची व्हय?" बाळाबाईनं वाडगा तिच्यापुढं सरकवला. "आये, तू बी खा."