पतिव्रतेची शिळा

माणसांनी अंगणात शिळा उतरवली तेव्हा बोक्सिल भात कांडत होती. तिचा नवरा जाऊन चाळीस दिवस झाले होते. कोरियातल्या त्या खेड्यात नवऱ्यामागोमाग प्राण देणाऱ्या विधवेची शिळा उभारत, आणि तिच्या घराण्याला दरबारातून मान मिळे.

शिळेवर बोक्सिलचंच नाव होतं. खाली मृत्यूची तिथी, उद्याची.

“सासूबाई, अहो, मी जिवंत आहे!”

सासूबाई शिळेवरची धूळ पुसत राहिल्या. “गुणाची होती हो माझी सून,” त्या शेजारणीला म्हणाल्या. शेजारणीने डोळे टिपले. बोक्सिलने तिचा हात धरला, तर ती गार वारा लागल्यासारखी नुसती शहारली. जेवताना बोक्सिलला कुणी वाढलं नाही. जावेने तिचे कपडे जाळायला काढले.

सकाळी ती नेसत्या कपड्यांनिशी निघाली. कुणी अडवलं नाही. वाटेवरच्या बायकांनी तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. आपण खरंच मेलो की काय, या शंकेने ती नदीकडे धावत सुटली.

काठावरच्या होडीत ती जाऊन बसली. पैलतीरचा नावाडी खेकसला, “ए बाई, सरक की जरा! एकटीने सगळी फळी अडवलीस!”

बोक्सिल सरकली, आणि नवरा गेल्यापासून पहिल्यांदाच मोकळेपणी रडली.