आत्याची सुटका

"सुटली तुझी आत्या!" वकीलबाई धापा टाकतच जिना चढून आल्या. "वरच्या कोर्टाने तिच्यापुरता खटला रद्द केला. आता तरी दोन घास नीट जेव."

हिने मांडीवरच्या लेकीला घट्ट धरलं. कोर्टाच्या व्हरांड्यात नेहमीची गर्दी होती. समोरच्या बाकावर सासरची माणसं बसली होती. नवरा, सासू, आणि अगदी कडेला, भिंतीला टेकून आत्या. नवऱ्याची आत्या.

हुंड्यापायी छळलं ते नवऱ्याने आणि सासूने. आत्याने नाही. उलट मार खाऊन ही चुलीपाशी बसली की आत्या गुपचूप पाठ शेकून द्यायची. सासूची पाठ वळली की स्वतःच्या ताटातलं हिच्या ताटात सरकवायची. "खा गं, दोन जिवांची आहेस," एवढंच म्हणायची. पण तक्रार लिहून घेताना ठाण्यात विचारलं, घरात कोण कोण असतं? हिने विचारलं तेवढं सांगितलं. घरात असतील नसतील ती सगळी माणसं आरोपी झाली. सुक्याबरोबर ओलंही जळालं.

हिला आई नव्हती. आता भाड्याच्या खोलीत लेक झोपली की पंख्याची कुरकुर तेवढी सोबतीला. अशा वेळी हिला आत्याची नजर आठवायची. प्रत्येक तारखेला आत्या समोर बसायची आणि पुकारा होईपर्यंत टक लावून बघत राहायची. बोलायची सोय नव्हती. त्यांच्या वकिलाने तशी तंबीच दिली होती. त्या नजरेने हिचा जीव अर्धा व्हायचा. तुला घास दिला आणि तू मला पिंजऱ्यात उभं केलंस, दुसरं काय म्हणत असणार ती नजर?

म्हणूनच आत्याचं नाव काढायचा अर्ज वर गेला, तेव्हा हिने स्वतःहून लिहून दिलं. आत्याने मला कधीच त्रास दिला नाही.

पुकारा झाला. पुढची तारीख पडली. सासू पदर सावरत उठली.

"बरं झालं बाई! वन्सं, आता तुम्ही बसा घरी निवांत. तुमचे ते गुडघे, दर तारखेला तुम्हाला धरून उतरवायचं, रिक्षात कोंबायचं. शिक्षा तुम्हाला नव्हती, आम्हाला होती!"

आणि ती मुलाला घेऊन वकिलाच्या मागे गेली. आत्या बाकावर एकटी राहिली.

"जा की," वकीलबाईंनी हिला कोपराने ढोसलं. "आता ती आरोपी नाही. बोललीस तर कोर्ट काही कोसळत नाही."

ही लेकीला घेऊन गेली. आत्याच्या पुढ्यात उकिडवी बसली. किती दिवस मनात घोळवलेलं सगळं एका दमात बोलून गेली.

"आत्या, चुकलं माझं. या वयात तुम्हाला इथं यायला लावलं. आता सुटलात तुम्ही. मला माफ करा."

हिने मान वर करून पाहिलं. नजर तीच होती, टक लावलेली. पण जवळून पाहिल्यावर कळलं, ती हिच्या तोंडाकडे नव्हतीच. ती खाली होती, लेकीवर. लेक आत्याच्या गुडघ्याला धरून डुलत उभी होती.

आत्याने तिच्या डोक्यावर हलकेच हात ठेवला, पोळेल की काय अशा भीतीने ठेवावा तसा.

"पहिल्या तारखेला नुसतं गाठोडं होतं गं हे," ती म्हणाली. "मग बसायला लागली. मग त्या खांबापर्यंत रांगत गेली, तू धावलीस मागे. आज उभी राहिली. पुढच्या तारखेला चालत येईल बघ."

आत्याने लेकीच्या डोक्यावरून हात काढून घेतला.

"आणि मला कुणी आणणार नाही."